मिस मार्पलच्या आधीची पन्नास वर्षं

(चित्रपट रसिक मंडळातल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

नमस्कार. 1961 साली अगाथा ख्रिस्तीच्या '4.50 फ्रॉम पॅडिंग्टन' या कादंबरीवर एक ब्रिटिश चित्रपट आला, 'मर्डर, शी सेड'. शेजारच्या रुळावरून जाणाऱ्या आगगाडीत कुणीतरी एका बाईचा गळा आवळतंय, हे मिस मार्पल, म्हणजे ख्रिस्तीच्या रहस्यकथांतली हौशी गुप्तहेर म्हातारी, खिडकीतून पाहते. पोलीस विश्वास ठेवत नाहीत, म्हणून ती स्वतःच एका बड्या घरात कामवाली बनून शिरते. मिस मार्पलच्या भूमिकेत होत्या मार्गारेट रदरफर्ड. या घरात वरकामाला येणारी एक बाई आहे, मिसेस किडर. तिचे प्रसंग थोडे आणि बोलणंही जेवढ्यास तेवढं. चित्रपट पाहून बाहेर पडलेल्या प्रेक्षकाला ती आठवलीच असेल असं मला वाटत नाही.

पुढे 1987 च्या नाताळात बीबीसीनं हीच कादंबरी छोट्या पडद्यावर आणली. त्यात मिस मार्पल झाली होती ती 1961 च्या चित्रपटात मिसेस किडर झालेली नटी. तिचं नाव जोन हिक्सन. आजचं व्याख्यान हिक्सनबाईंवर आहे, पण खरं सांगायचं तर मला मार्पलबद्दल कमी बोलायचंय. मला बोलायचंय त्या मिसेस किडरबद्दल, आणि तिच्या आगेमागे उभ्या असलेल्या शंभरएक मोलकरणी, घरमालकिणी, परिचारिका, मावश्या आणि सासवांबद्दल.

हिक्सनबाईंबद्दल जिथे जिथे लिहिलं जातं तिथे एक गोष्ट हमखास सांगितली जाते. 1945 साली लंडनच्या पिकॅडिली थिएटरमध्ये ख्रिस्तीबाईंचं 'अपॉइंटमेंट विथ डेथ' हे नाटक लागलं होतं. हिक्सन त्यात मिस प्राइस नावाचं एक दुय्यम पात्र करत होत्या. ख्रिस्तीबाईंनी ते काम पाहिलं आणि त्यांना एक चिठ्ठी पाठवली, पुढे कधीतरी तुम्ही माझी मिस मार्पल करावी अशा अर्थाची. तेव्हा हिक्सन चाळिशीच्याही अलीकडे होत्या. ती भूमिका प्रत्यक्ष हाती येईपर्यंत जवळजवळ चार दशकं गेली आणि ख्रिस्तीबाई 1976 मध्येच वारल्या होत्या.

गोष्ट छान आहे. सांगणाऱ्याला ती फार आवडते, कारण तिच्यात नियती आहे, वाट पाहणं आहे, उशिरा उजाडलेला दिवस आहे. माझी तक्रार अशी की या गोष्टीमुळे मधली सगळी वर्षं निव्वळ प्रतीक्षालय होऊन बसतात. जणू बाई हातात ती चिठ्ठी घेऊन बसून होत्या आणि वेळ जावा म्हणून मध्ये काहीतरी करत होत्या! त्या सतत काम करत होत्या, बहुतेक वेळा चांगलं काम करत होत्या, आणि मार्पल मिळायच्या पाच वर्षं आधी ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर, टोनी हा नाट्यपुरस्कारही घेऊन आल्या होत्या.

जरा मागे जाऊ. हिक्सन यांचा जन्म 1906 चा, नॉर्दम्प्टनजवळ किंग्जथॉर्प इथला. लंडनच्या 'राडा'मध्ये, म्हणजे रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्टमध्ये, त्या शिकल्या. 1927 मध्ये दौऱ्यावरच्या एका नाटकातून रंगभूमीवर आल्या. योगायोग बघा, मिस मार्पल पहिल्यांदा छापली गेली तीही 1927 मध्येच, एका मासिकातल्या लघुकथेत. दोघी एकाच वर्षी कामाला लागल्या. पहिली कादंबरी, 'द मर्डर अ‍ॅट द व्हिकरेज', 1930 ची. पडद्यावर हिक्सन पहिल्यांदा दिसल्या 1934 मध्ये.

1934 हे साल महत्त्वाचं का, ते सांगते. हॉलिवूडच्या चित्रपटांनी ब्रिटिश पडदे व्यापून टाकले होते, म्हणून ब्रिटिश सरकारनं 1927 मध्ये एक कायदा केला. प्रत्येक चित्रपटगृहानं ठरावीक प्रमाणात ब्रिटिश चित्रपट दाखवलेच पाहिजेत. हे प्रमाण सुरुवातीला 5 टक्के होतं आणि वाढत वाढत 1936 मध्ये 20 टक्क्यांपर्यंत न्यायचं होतं. वितरकांवरही असंच बंधन होतं. मग अमेरिकन कंपन्यांनी काय केलं, तर कायद्याची भरपाई म्हणून इंग्लंडमध्ये स्वस्तातले, झटपट चित्रपट काढून घेतले. त्यांना 'कोटा क्विकी' म्हणत. त्यातले पुष्कळसे सुमार होते, यात वाद नाही. पण सुमार चित्रपटालाही दार उघडायला मोलकरीण लागते, गुत्त्यात पेला पुसायला बाई लागते, साक्ष द्यायला शेजारीण लागते. रंगभूमीवर तयार झालेल्या नटनट्यांची एक अख्खी पिढी या फुटकळ कामांवर कॅमेऱ्यासमोर उभं राहायला शिकली. चित्रपट आज कुणी पाहत नाही, पण त्या कायद्याचा हा उपयोग मला फार मोठा वाटतो.

दुसरी गोष्ट भूगोलाची. हॉलिवूड आणि ब्रॉडवे यांच्यामध्ये अख्खा अमेरिका खंड पसरलाय. तिथे नटाला एक निवडावं लागतं. इंग्लंडात डेनम, पाइनवुड, शेपर्टन, एल्स्ट्री हे स्टुडिओ लंडनच्या भोवतालीच होते. दिवसा शूटिंग, संध्याकाळी वेस्ट एंडला प्रयोग. दिवसभर फिल्म सिटीत मालिका करून रात्री शिवाजी मंदिरला प्रयोगाला पोचणारी आपली मंडळी तुम्हाला ठाऊक आहेत, त्यामुळे हे वेगळं समजावून सांगायला नको. फायदा असा, की नाटकात मोठं काम करणारी बाई चित्रपटातली एका दिवसाची भूमिका कमीपणा न मानता करू शकत होती. तिचं पोट आणि तिचा मान, दोन्ही एकट्या चित्रपटावर अवलंबून नव्हते.

तिसरी गोष्ट अर्थातच वर्गाची. तीसचाळीसच्या दशकांतल्या ब्रिटिश चित्रपटात नायिका बहुधा वरच्या वर्गातली, रेशमी उच्चारांची. खालच्या वर्गातली बाई आली की ती दुय्यम आणि बहुतेकदा विनोदी. हिक्सन स्वतः मध्यमवर्गीय, पण कष्टकरी बायकांची बोली त्यांच्या जिभेवर पक्की बसली होती. 1937 च्या 'लव्ह फ्रॉम अ स्ट्रेंजर'मध्ये त्या एमी नावाची मोलकरीण आहेत. हा चित्रपटसुद्धा ख्रिस्तीच्याच एका कथेवरचा. म्हणजे ख्रिस्तीच्या घरात त्या आधी शिरल्या त्या मागच्या दारानं, 1937 मध्ये आणि पुन्हा 1961 मध्ये.

आता एका भूमिकेपाशी थोडं थांबते, कारण माझ्या मते सगळं रहस्य तिथे आहे.

1950 चा 'सेव्हन डेज टु नून' हा बूल्टिंग बंधूंचा चित्रपट. अणुबाँबवर काम करणारा एक शास्त्रज्ञ पापाच्या जाणिवेनं बिथरतो, एक बाँब बॅगेत घालून निघून जातो आणि पंतप्रधानांना पत्र लिहितो: अमुक दिवशी दुपारी बारापर्यंत असली अस्त्रं बनवणं थांबवल्याचं जाहीर करा, नाहीतर मध्य लंडन उडवतो. पुढे अख्खं लंडन रिकामं केलं जातं. ते निर्मनुष्य रस्ते आजही पाहण्यासारखे आहेत. कथेला ऑस्कर मिळालं. शास्त्रज्ञ झालेत बॅरी जोन्स.

शहर रिकामं व्हायच्या आधी हा गृहस्थ एका साध्या घरात खोली भाड्यानं घेतो. घरमालकीण मिसेस पेकेट, म्हणजे जोन हिक्सन. घरात मांजरं. बाई जरा गबाळी, जरा लोभी, जरा एकटी. रात्रभर तिला वरच्या खोलीतून येरझाऱ्यांचा आवाज येत राहतो. घरमालकिणींना मारणाऱ्या कुणा खुन्याची बातमी तिच्या डोक्यात असते. हाच तो, अशी तिची खात्री पटते आणि ती पोलिसांकडे जाते. तिचा अंदाज साफ चुकलेला असतो. हा माणूस तिचा खून करायला आलेला नाही, तो सगळ्या शहराचा खून करायला निघालाय. पण माणूस बरोबर नाही, हे तिनं ओळखलेलं असतं, आणि मंत्रालयाला, लष्कराला, गुप्तहेर खात्याला जो सापडत नाही त्याचा माग तिच्या तक्रारीमुळे लागतो.

ही भूमिका कुणीही विनोदी करून टाकली असती. मांजरवाली भित्री बाई, लोक हसले, पुढे चला. हिक्सन तसं करत नाहीत. त्या आधी ऐकतात. छताकडे पाहत, पाऊल कुठे वळलं, कुठे थांबलं याचा हिशेब त्यांच्या चेहऱ्यावर चाललेला दिसतो. भीती नंतर येते. हा क्रम मला महत्त्वाचा वाटतो. आधी कान, मग बुद्धी, मग भीती. चौतीस वर्षांनी सेंट मेरी मीडच्या, म्हणजे मार्पलच्या गावच्या, म्हातारीत तुम्हाला हाच क्रम दिसतो. फरक इतकाच की तेव्हा तिचा अंदाज बरोबर निघतो.

त्यानंतरची दहापंधरा वर्षं मी भराभर सांगते. 'डॉक्टर इन द हाऊस'मध्ये घरमालकीण. 'कॅरी ऑन' या चावट विनोदी मालिकेत पाच चित्रपट. त्यातल्या 1959 च्या 'कॅरी ऑन नर्स'मध्ये पुरुषांच्या वॉर्डातली सिस्टर. मेट्रन हॅटी जॅक्स यायच्या आत सगळ्या पलंगांवरच्या चादरी सरळ झाल्या पाहिजेत म्हणून धावणारी. त्या वर्षी ब्रिटनमध्ये सर्वांत जास्त चाललेला चित्रपट हाच. पुढच्याच वर्षी 'कॅरी ऑन कॉन्स्टेबल'मध्ये मिसेस मे नावाची सभ्य बेवडी, जिला पोलीस ठाण्याची कोठडी माहेरासारखी ओळखीची आहे. ब्रिटिश टीव्हीवर 1963 ते 66 या काळात 'अवर मॅन अ‍ॅट सेंट मार्क्स'मध्ये एका धर्मगुरूच्या घरची हाऊसकीपर, मिसेस पीस.

एवढ्या सगळ्या कामांत 'फुटेज खाल्लं' असा आरोप त्यांच्यावर कुणालाही करता येणार नाही. हे लिहायला सोपं आणि करायला फार कठीण. छोट्या भूमिकेतल्या नटाला एक मोह असतो. दीड मिनिटच मिळालंय, मग त्यात एखादी लकब टाकू, एखादा तोतरेपणा, एखादा विचित्र हेल, म्हणजे लोक लक्षात ठेवतील. मार्गारेट रदरफर्ड याच्या उस्ताद होत्या. हनुवटी, गाल, डगला, सगळं नाचतं. त्यांच्यावर माझं प्रेम आहे आणि ख्रिस्तीबाईंचंही होतं. ते मार्पलपट त्यांना मुळीच आवडले नव्हते, तरी 'द मिरर क्रॅक्ड फ्रॉम साइड टु साइड' ही 1962 ची कादंबरी त्यांनी रदरफर्डबाईंना अर्पण केली. पण रदरफर्ड ज्या प्रसंगात आहेत तो प्रसंग त्यांचा होतो. हिक्सन ज्या प्रसंगात आहेत तो प्रसंग ज्याचा असतो त्याचाच राहतो, फक्त अधिक खरा होतो.

श्रोत्यांमधून एकानं मघाशी चहाच्या वेळी विचारलं, की मग या बाईंचं नाव कुणाला माहीत होतं का? नाट्यसृष्टीला चांगलंच माहीत होतं. सांगते.

1967 साली पीटर निकल्सचं 'अ डे इन द डेथ ऑफ जो एग' हे नाटक आलं. मेंदूच्या पक्षाघातानं जवळपास अचेतन असलेली दहा वर्षांची मुलगी, आणि तिचे आईबाप, जे वेड लागू नये म्हणून तिच्यावरून विनोद करत राहतात. विषय असा की आजही प्रेक्षक खुर्चीत चुळबुळतात. नवऱ्याची आई ग्रेस, ही हिक्सन यांची भूमिका. ग्रेस दुसऱ्या अंकात येते. तोवर तिच्याविषयी आपण पुष्कळ ऐकलेलं असतं आणि आता एखादी कैदाशीण सासू येणार अशी आपली तयारी झालेली असते. येते ती नीटनेटकी, पिशव्या सांभाळणारी, किंमतींबद्दल बोलणारी साधी बाई. तिच्या प्रत्येक निरुपद्रवी वाक्यातून कळत जातं, की तिनं आपल्या मुलाला कधी मोठं होऊच दिलेलं नाही. लंडन, मग 1968 मध्ये ब्रॉडवे आणि 1972 मध्ये अ‍ॅलन बेट्स आणि जॅनेट सुझमन यांच्याबरोबरचा चित्रपट, सगळीकडे ग्रेस हिक्सनच. चित्रपट मिळवून पाहा. ती निरागसता किती घातक आहे ते पाहा. मिस मार्पलच्या गावात असल्या बाया पुष्कळ असतात, आणि मिस मार्पल त्यांना चांगली ओळखून असते.

मग अ‍ॅलन एकबर्न यांचं 'बेडरूम फार्स'. 1977 मध्ये लंडनच्या नॅशनल थिएटरनं ते केलं. रंगमंचावर एकाच वेळी तीन शयनगृहं, चार जोडपी, एक रात्र. तरुण जोडपी एकमेकांचा जीव खातायत आणि सगळ्यांत वयस्क जोडपं, अर्नेस्ट आणि डेलिया, लग्नाच्या वाढदिवसाचं बाहेरचं जेवण फसलं म्हणून घरी येऊन अंथरुणात बसून टोस्टवर डबाबंद मासे खातंय. मायकेल गॉफ आणि जोन हिक्सन. नाटक ब्रॉडवेवर गेलं आणि 1979 मध्ये दोघांनाही टोनी मिळाला, सहायक भूमिकांचा. हिक्सन तेव्हा बहात्तर वर्षांच्या होत्या. त्या नाटकातला सगळा गोंधळ, रडारड, आदळआपट लोक विसरले असतील. अंथरुणात मासे खाणारं म्हातारं जोडपं मात्र विसरणं अवघड.

पुरस्काराचा विषय निघालाच आहे तर एक गोष्ट इथे सांगायचा मोह होतो. चित्रपटातल्या सहायक अभिनेत्रीचा बाफ्टा, म्हणजे ब्रिटिश अकादमीचा पुरस्कार, 1983 मध्ये आपल्या पुण्याच्या रोहिणी हट्टंगडींना मिळाला, 'गांधी'मधल्या कस्तुरबांसाठी, अमेरिकन अभिनेत्री मॉरीन स्टेपलटन यांच्यासोबत विभागून. त्या कामातही हीच शिस्त आहे. चित्रपट गांधींचा आहे हे एक क्षणही न विसरता कस्तुरबा आपली जागा घेतात. ब्रिटिश परीक्षकांना ते दिसलं, कारण त्यांच्याकडे ते पाहायची सवय आहे. आपल्याकडे या कामाचं कौतुक 'बाई छान करतात हो' एवढ्यावर आटोपतं.

असो. 1980 साली ख्रिस्तीच्याच 'व्हाय डिडन्ट दे आस्क इव्हान्स?'मध्ये हिक्सन यांनी मिसेस रिव्हिंग्टन केली, 1981 मध्ये बीबीसीच्या 'ग्रेट एक्स्पेक्टेशन्स'मध्ये मिस हॅविशॅम. आणि मग निर्माते गाय स्लेटर यांनी मार्पलसाठी विचारलं.

'द बॉडी इन द लायब्ररी' 1984 च्या नाताळात तीन भागांत दाखवली गेली. हिक्सन अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या. 1992 च्या डिसेंबरात 'द मिरर क्रॅक्ड' आली तेव्हा शहाऐंशी. मधल्या आठ वर्षांत मार्पलच्या बाराच्या बारा कादंबऱ्या झाल्या. हॅम्पशरमधलं नेदर वॉलप हे गाव सेंट मेरी मीड म्हणून वापरलं. सुरुवातीच्या शीर्षकांत गावाची चित्रं येतात, क्रिकेट, चर्च, बागा, आणि प्रत्येक चित्रात कुठेतरी काहीतरी वाईट घडलेलं असतं. मालिकेची सगळी वृत्ती त्या अर्ध्या मिनिटात आहे.

आता माझा मुद्दा. मिस मार्पल ही स्वतःच्या कथांमधली दुय्यम भूमिका आहे. हे वाक्य जरा विचित्र वाटेल, म्हणून कादंबऱ्या आठवून बघा. 'द मूव्हिंग फिंगर'मध्ये ती शेवटच्या टप्प्यात येते. 'अ पॉकेट फुल ऑफ राय'मध्ये निम्मी गोष्ट झाल्यावर. '4.50 फ्रॉम पॅडिंग्टन'मध्ये खून पाहते तिची मैत्रीण, त्या घरात कामाला शिरते ती ल्युसी आयल्सबॅरो ही हुशार तरुणी, प्रेतही तीच शोधते. मार्पल बसलेली असते विणत. पोइरोला, ख्रिस्तीच्या दुसऱ्या गुप्तहेराला, ठाऊक असतं की आपण नायक आहोत. तो खोलीत आला की खोलीनं त्याच्याकडे पाहावं, हीच त्याची इच्छा. मार्पलचं सगळं शस्त्र याच्या उलट. तिच्याकडे कुणी पाहू नये. लोक तिच्यासमोर बोलतात, कारण ती खोलीतल्या फर्निचरपैकी एक आहे असं त्यांना वाटतं.

1961 च्या चित्रपटानं नेमकं हेच बदललं. ल्युसी काढून टाकली, मैत्रीण काढून टाकली, खून मार्पलनंच पाहिला, कामाला तीच शिरली. कारण मध्यवर्ती भूमिकेत रदरफर्ड होत्या आणि मोठ्या नटीला एका कोपऱ्यात विणत बसवणं परवडत नाही. बीबीसीनं बाराही गोष्टी मूळ आकारात ठेवल्या, आणि त्यासाठी त्यांना अशी बाई हवी होती जिला आयुष्यभर कोपऱ्यात बसायची, बसून ऐकायची, आणि आपली वेळ आली की नेमकं तेवढंच बोलायची सवय आहे. ती सवय नायिकांकडे नसते.

त्यांचं काम बारकाईनं पाहा. इन्स्पेक्टर स्लॅक, म्हणजे डेव्हिड होरोविच, त्यांच्याशी तुटक बोलतो. त्या खजील झाल्यासारखं दाखवतात आणि वाक्य अर्धवट सोडतात. आपल्याला वाटतं म्हातारीला पुढचं सुचलं नाही. तिला सुचलेलं असतं, पण ऐकणारा अजून त्या लायकीचा झालेला नाही. नजर मात्र हलत नाही. फिकट निळे डोळे, आणि त्या डोळ्यांत दयेचा लवलेश नसतो, हे पहिल्या दोनतीन भागांत आपल्या लक्षातच येत नाही. ख्रिस्तीच्या मार्पलला माणसांबद्दल सगळ्यात वाईट गृहीत धरायची सवय आहे आणि खुन्याला फाशी झाली तर तिला वाईट वाटत नाही. पडद्यावर बहुतेकांनी तिची गोड आजी केली. हिक्सन करत नाहीत. पुढे त्याच स्लॅकला बढती मिळते, तो सुपरिंटेंडंट होतो, त्याच्या आवाजात तिच्याबद्दल चडफडता आदर येतो, आणि ती मात्र होती तशीच.

मला स्वतःला या सगळ्यांत 1985 ची 'अ मर्डर इज अनाउन्स्ड' सर्वांत आवडते, आणि तीही हिक्सन यांच्यामुळे कमी, इतर बायकांमुळे जास्त. गावात कोंबड्या पाळून एकत्र राहणाऱ्या दोघी आहेत, हिंचक्लिफ आणि मर्गट्रॉइड. मर्गट्रॉइड झाल्यात जोन सिम्स, म्हणजे 'कॅरी ऑन'च्या राणीच. सव्वीस वर्षांपूर्वी 'कॅरी ऑन नर्स'मध्ये सिस्टर हिक्सन आणि धांदरट शिकाऊ नर्स सिम्स एकाच वॉर्डात होत्या! इथे सिम्स धांदरटच आहेत, पण त्या धांदरटपणाखाली इतका जीव आहे, की वाळत घातलेले कपडे काढायला ती पावसात बागेत जाते तेव्हा आपण मनात म्हणतो, बाई, आत जा. खुनी कोण ते सांगत नाही, काहींनी पाहिलेली नसेल. डोरा बनर म्हणजे रेने अ‍ॅशरसन. मिस ब्लॅकलॉक म्हणजे उर्सुला हाउअल्स. पुढच्या भागांत जोन ग्रीनवुड, मार्गारेट टायझॅक, ग्वेन वॉटफर्ड, क्लेअर ब्लूम. ही मालिका म्हणजे ब्रिटिश चरित्र अभिनेत्रींचं संमेलनच होतं, आणि त्या संमेलनाच्या अध्यक्षपदी अशी बाई होती जी इतरांचं बोलणं ऐकायचं काम करत होती. म्हणून त्या सगळ्या इतक्या छान बोलल्या.

हिक्सन यांना 1987 मध्ये ओबीई हा ब्रिटिश सन्मान मिळाला, बाफ्टाची दोनदा नामांकनं मिळाली, बाफ्टा मिळालं नाही. 1958 पासून त्या एसेक्समध्ये कोल्न नदीकाठच्या वायव्हनहो या गावी राहत होत्या. बारा कादंबऱ्या संपल्यावर त्यांनी मार्पल थांबवली, पण मार्पलची पुस्तकं ध्वनिफितींसाठी वाचली, आणि ती ऐकण्यासारखी आहेत, कारण तिथे खुनी, पोलीस, मोलकरीण, सगळे एकाच गळ्यातून येतात. मिसेस किडरसुद्धा. 1998 मध्ये त्या गेल्या.

प्रश्न फार आलेत, वेळ थोडा आहे, एकच घेते. चिठ्ठीत विचारलंय, की नंतरच्या, आयटीव्ही या ब्रिटिश वाहिनीवरच्या जेराल्डिन मॅकइवान आणि ज्युलिया मॅकेन्झी यांच्या मार्पलबद्दल काय मत?

दोघी चांगल्या नट्या. मॅकइवान तर रंगभूमीवरच्या फार मोठ्या. पण 2004 पासूनच्या त्या मालिकेनं पुन्हा 1961 चाच रस्ता धरला. मार्पलला पूर्वायुष्यातलं एक प्रेमप्रकरण दिलं. ज्या कादंबऱ्यांत ती मुळात नाहीच, 'बाय द प्रिकिंग ऑफ माय थम्ब्ज' किंवा 'द सिटाफोर्ड मिस्टरी', त्यांतही तिला घातलं. मालिकेचं नाव 'मार्पल' आहे म्हटल्यावर मार्पल जास्त वेळ दिसली पाहिजे, हा निर्मात्यांचा हिशेब. 'द मूव्हिंग फिंगर' दोन्हीकडची आहे. एका संध्याकाळी लागोपाठ पाहा, आणि बीबीसीच्या भागात हिक्सन येण्यापूर्वी किती वेळ जातो तेवढं फक्त घड्याळात बघा.